दस्तावरचं 'मौजे नगर' म्हणजे नगर हवेली नव्हे

तुमचा प्रश्न थोडक्यात असा. मुंबईत राहणाऱ्या आजोबांच्या ट्रंकेत 1955 सालचा खरेदीचा दस्त सापडला. त्यावर 'मौजे नगर, तालुके धरमपूर, जिल्हा सुरत' असं लिहिलंय आणि एका साक्षीदारापुढे 'राहणार मेघवाळ' आहे. वापीचा एजंट सांगतो, हे नगर म्हणजे नगर हवेली, त्यामुळे जमीन सिल्वासाची आणि भावही सिल्वासाचा. चुलतभावाच्या मते दादरा आणि नगर हवेली एकच गाव आहे. मोबाइलच्या नकाशात 'नगर' टाकलं की अहिल्यानगर येतं. तर जमीन नेमकी कुठल्या राज्यात?

आधी उत्तर सांगतो, मग कारणं. जमीन गुजरातमध्ये आहे, वलसाड जिल्ह्याच्या आजच्या कपराडा तालुक्यात. दादरा-नगर हवेली या केंद्रशासित प्रदेशाशी (तिथलं मुख्य शहर सिल्वासा) तिचा संबंध एवढाच, की ती चारही बाजूंनी त्याने वेढलेली आहे. एजंट मुद्दाम फसवत असेलच असं नाही. या पट्ट्यात जन्म गेलेली माणसंही ही गफलत करतात.

डहाणू, वापी, सिल्वासा या भागातल्या जमिनींचे शोध अहवाल, म्हणजे मालकीच्या कागदांची तपासणी, काढण्यात माझी बरीच वर्षं गेली. त्या अनुभवावर एक सवय लागली आहे: इथला कागद हाती आला की गावाचं नाव शेवटी वाचायचं. आधी तारीख, मग तालुका-जिल्हा, मग शिक्का कुणाचा ते. तुमच्या कागदावर हे तिन्ही स्पष्ट आहेत आणि तेवढ्यावर निकाल लागतो.

1955 साली नगर हवेली भारतात नव्हतीच. 1954 च्या जुलैच्या उत्तरार्धात आधी दादरा, मग नरोली आणि 2 ऑगस्टला सिल्वासा अशी ठाणी स्वातंत्र्यसैनिकांनी पोर्तुगीजांकडून घेतली. आझाद गोमंतक दल आणि इतर संघटना त्यात होत्या. आपले सुधीर फडके त्या मोहिमेत होते हे मराठी वाचकाला ठाऊक असेलच. पण पोर्तुगीज गेले म्हणून मुलूख लगेच भारताला जोडला गेला नाही. पुढची सात वर्षं तिथला कारभार 'वरिष्ठ पंचायत' पाहत होती. 1961 मध्ये बदलानी नावाच्या आयएएस अधिकाऱ्याला भारतातल्या विलीनीकरणाच्या करारावर सही करता यावी म्हणून नावापुरतं तिथलं पंतप्रधान करण्यात आलं, आणि दहाव्या घटनादुरुस्तीने 11 ऑगस्ट 1961 पासून तो केंद्रशासित प्रदेश झाला. म्हणजे 1955 मध्ये मुंबई राज्याच्या सुरत जिल्ह्यातल्या निबंधकाला नगर हवेलीतल्या जमिनीचा दस्त नोंदवण्याचा अधिकारच नव्हता. त्याने नोंदवला, तालुका धरमपूर घातला, त्या अर्थी जमीन त्याच्या हद्दीतली.

आता धरमपूर. हे संस्थान होतं, 1948 मध्ये मुंबई राज्यात विलीन झालं आणि सुरत जिल्ह्यात गेलं. 1960 मध्ये गुजरात वेगळा झाला, 1964 मध्ये सुरतेतून वलसाड जिल्हा निघाला, पुढे धरमपूर तालुक्यातून कपराडा तालुका. तुमची जमीन जागची हलली नाही, पण तिचा पत्ता एवढ्या वेळा बदलला. मेघवाळ, नगर, रायमल आणि मधुबन ही कपराडा तालुक्यातली चार गावं नगर हवेलीच्या पोटात आहेत. तालुक्याच्या कचेरीत जायचं तर केंद्रशासित प्रदेश ओलांडून जावं लागतं. 1954 पूर्वी तर ही भारताची गावं पोर्तुगीज मुलखाने वेढलेली होती आणि तो पोर्तुगीज मुलूख पुन्हा भारताने वेढलेला होता. अलीकडे ही चार गावं दादरा-नगर हवेलीला जोडावीत असा प्रस्ताव चर्चेत आला आणि गावांतून त्याला विरोधही झाला. एजंटाच्या डोक्यात बहुधा तेच आहे. प्रस्तावाच्या भरवशावर भाव सांगणारे या भागात पुष्कळ. तुम्ही व्यवहार कराल त्या दिवशी राजपत्रात जी हद्द असेल तीच खरी.

चुलतभावाचा मुद्दा. दादरा आणि नगर हवेली एक नाही. दोन वेगळे तुकडे आहेत, मध्ये गुजरात आहे. दादरा म्हणजे दादरा, देमणी आणि तिघरा ही तीन गावं. वापीहून सिल्वासाला निघालात की आधी दादरा लागतं, मग लवाछा, मग सिल्वासा. लवाछा गुजरातमध्ये आहे. थोड्याशा अंतरात तुम्ही गुजरात, केंद्रशासित, पुन्हा गुजरात, पुन्हा केंद्रशासित असे जाता, आणि कारखान्यांच्या भिंती सलग असल्यामुळे काही कळत नाही. कळतं ते गाडीत बाटली असेल आणि लवाछ्याच्या हद्दीत पोलिसांनी हात दाखवला तर. दोन्हीकडे दारू परवाना असलेल्या दुकानांत मिळते, मधल्या पट्ट्यात मात्र गुजरातची दारूबंदी आहे. 'मी दादऱ्याहून सिल्वासाला चाललोय, एकाच प्रदेशात' हा युक्तिवाद तिथे चालत नाही.

शिवाय 'दादरा' हे गावाचं नाव, तीन गावांच्या तुकड्याचंही नाव आणि बोलताना लोक अख्ख्या प्रदेशालाही दादराच म्हणतात. जाहिरातीत 'दादरा येथे प्लॉट' असं दिसलं की मी पहिला प्रश्न विचारतो: यातला कुठला? हवेलीचंही तसंच. पुण्याला हवेली तालुका आहे, कारण ठाण्याभोवतीच्या मुलखाला हवेली म्हणायची जुनी रीत होती. नगर हवेली हे परगण्याचं नाव. त्यावरून तुमच्या मेघवाळजवळच्या नगराकडे बोट दाखवता येत नाही.

हे तुकडे असे चमत्कारिक का पडले, याचं उत्तर पुण्यात आहे. 1772 च्या सुमारास मराठ्यांच्या आरमाराने 'सांताना' हे पोर्तुगीज जहाज पकडलं. पुढे इंग्रजांशी लढाई जुंपल्यावर पेशव्यांना पोर्तुगीज तरी शांत राहायला हवे होते. 1779 च्या तहात त्यांनी दमणजवळची बारा हजार रुपये वसुलाची गावं द्यायचं कबूल केलं. 1783 मध्ये नगर हवेली परगण्यातली गावं दिली आणि 1785 मध्ये दादरा. आकडा वसुलाचा होता हे ध्यानात घ्या. नकाशावर रेघ ओढून मुलूख तोडून दिलेला नाही, उत्पन्नाचा हिशेब जुळेल अशी गावं लावून दिली. तसं करताना मध्ये दुसऱ्याची गावं राहिली, कडेला एक तुकडा सुटा पडला. त्या काळी त्याने कुणाचं अडलं नाही, कारण गावाची शीव गावकऱ्यांना पाठ होती आणि वसूल कुणाकडे भरायचा एवढंच कळायला हवं होतं.

अडलं ते 1954 मध्ये. भारताने दमणहून आत जायचा रस्ता बंद केला आणि 1955 च्या डिसेंबरात पोर्तुगाल हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात गेला. तिथे पेशव्यांच्या सनदांचा काथ्याकूट झाला. दिलं ते सार्वभौमत्व की फक्त वसूल, हा वाद. भारताकडून महंमद करीम छागला तदर्थ, म्हणजे त्या खटल्यापुरते नेमलेले, न्यायाधीश होते. 12 एप्रिल 1960 च्या निकालात न्यायालयाने म्हटलं की मराठ्यांनी दिला तो वसुलाचा हक्क होता, पण पुढे इंग्रजांनी पोर्तुगीजांना सार्वभौम धरून व्यवहार केला. खासगी माणसं, मुलकी अधिकारी आणि साधा माल यांना ये-जा करायचा हक्क होता, सैन्याला आणि शस्त्रांना नव्हता, आणि भारताने कसलाही भंग केला नाही. ज्याला जमिनीच्या कागदाची आवड आहे त्याने हा निकाल सवडीने वाचावा. दीडशे-पावणेदोनशे वर्षांपूर्वीची सनद आंतरराष्ट्रीय न्यायालयात पुरावा म्हणून तपासली जाते, तेव्हा दस्तात 'दिले' म्हणजे काय काय दिलं, याची किंमत समजते.

आता नामसाधर्म्याची खरी डोकेदुखी. ती तुमच्या नगरापुरती नाही. दादरा-नगर हवेलीत कराड नावाचं गाव आहे, तिथे सरकारी तंत्रनिकेतन आहे. साताऱ्याच्या कऱ्हाडची मुलं ऑनलाइन अर्ज भरताना रोमन लिपीतलं नाव पाहून चुकतात. आंबोली आहे, आणि ती सिंधुदुर्गातली धबधब्याची आंबोली नाही. खेर्डी आहे, चिपळूणजवळच्या खेर्डीशी तिचा संबंध नाही. दुधनी आहे, धरणाच्या पाण्याकाठची, आणि अक्कलकोट तालुक्यातली दुधनी ही कर्नाटकच्या हद्दीजवळची बाजारपेठ. ही नावं एकाच मराठी-कोकणा-वारली-गुजराती पट्ट्यात शोभणारी असल्याने कुणाला शंकाही येत नाही. कऱ्हाड आणि कराड देवनागरीत तरी वेगळी दिसतात, रोमनमध्ये तीही एक होऊन बसतात. मेघवाळचं तर मेघवाल, मघवाल, मेघवळ असं काहीही लिहिलेलं सापडतं. गुजरातीतला ळ रोमन लिपीत गेला की तो परत येताना ल होऊन येतो. सिल्वासा, सेलवास, सेलवासा हे मात्र एकच गाव.

पोर्तुगीज काळातला कागद असेल तर आणखी एक गंमत. 1885 मध्ये सिल्वासाला 'पासु द आर्कुश' असं नाव देण्यात आलं. त्याच नावाचं गाव लिस्बनजवळही आहे. जुन्या कागदावर ते नाव वाचून कुटुंबाची जमीन पोर्तुगालमध्ये आहे असा समज करून घेतलेली मंडळी मी पाहिली आहेत, आणि त्यांना वस्तुस्थिती सांगणं हे कामातलं सर्वांत अप्रिय काम असतं. तसंच 'दमण जिल्हा'. पोर्तुगीजांच्या व्यवस्थेत दादरा आणि नगर हवेली दमण जिल्ह्यात मोडत. म्हणून 1954 पूर्वीच्या पोर्तुगीज कागदावर दमण दिसलं की जमीन समुद्राकाठीच असेल असं नाही. दमणमध्येही नानी दमण आणि मोटी दमण, मध्ये दमणगंगा. नानी उत्तरेला, मोटी दक्षिणेला. नुसतं 'दमण किल्ला' लिहिलं असेल तर दोन्ही तीरांवर किल्ले आहेत.

महाराष्ट्राच्या बाजूने येणारा सापळा वेगळा आहे आणि माझ्या मते तो जास्त धोक्याचा. 'तालुका उंबरगाव, जिल्हा ठाणे' असा 1960 पूर्वीचा दस्त घेऊन लोक येतात. ठाणे म्हणजे महाराष्ट्र, विषय संपला, अशी त्यांची खात्री असते. पण मुंबई पुनर्रचना कायद्याने उंबरगाव तालुक्यातली ठरावीक गावं गुजरातला दिली आणि बाकीची महाराष्ट्रात ठेवली. कुठली गेली ते कायद्याच्या पहिल्या परिशिष्टात गावनिहाय छापलेलं आहे. म्हणून उंबरगावचा जुना दस्त हाती आला की आधी ते परिशिष्ट उघडायचं. महाराष्ट्रात राहिलेल्यांचाही जिल्हा 2014 मध्ये पालघर झाला. तलासरी तालुक्यातलं वेवजी आणि पलीकडचं गुजरातचं सोळसुंबा यांच्या हद्दीवरून अगदी अलीकडेही कुरबुरी झाल्या, म्हणजे साठ वर्षांनीही ती रेघ जमिनीवर सगळीकडे पक्की झालेली नाही.

पिन कोडवर भरवसा ठेवू नका हे ठळक अक्षरात लिहावंसं वाटतं. वापी 396191, दादरा 396193, सिल्वासा 396230, नानी दमण 396210. सगळे 396 ने सुरू होतात, कारण टपाल खात्याने वाटणी टपाल पोचवण्याच्या सोयीने केली. पिन कोडवरून राज्य ओळखणारी संगणकप्रणाली इथे हमखास चुकते आणि मग बँकेच्या कागदावर 'सिल्वासा, गुजरात' असं छापून येतं. बिचाऱ्या टपाल खात्याला यात दोष नाही. वस्तू व सेवा कराच्या क्रमांकाचे पहिले दोन आकडे मात्र कामाचे: 24 म्हणजे गुजरात, 26 म्हणजे दादरा-नगर हवेली आणि दमण-दीव, 27 महाराष्ट्र. 25 दिसला तर तो दमण-दीवचा जुना क्रमांक. 26 जानेवारी 2020 ला दोन्ही केंद्रशासित प्रदेश एक झाले, तेव्हा तो मागे पडला. शेजारच्या दुकानाची पावती पाहिली तरी आपण कुठे उभे आहोत हे समजतं. विजेचं बिलही सांगतं: दक्षिण गुजरात वीज कंपनीचं बिल असेल तर जमीन गुजरातची.

पण हे सगळे आडून घेतलेले पुरावे. पक्का पुरावा म्हणजे गावाचा संकेतांक. पंचायत राज मंत्रालयाच्या स्थानिक शासन निर्देशिकेत प्रत्येक गावाला स्वतंत्र अंक आहे, जनगणनेचाही वेगळा अंक आहे. नाव दोन गावांचं एक असेल, अंक एक नसतो. मी अहवालात नावापुढे तो अंक लिहितोच. त्यानंतर सर्व्हे नंबर, त्यानंतर चतुःसीमा. आजोबांच्या दस्तात चतुःसीमा असणार. त्यातले खातेदार आज हयात नसले तरी त्यांची आडनावं आजच्या लागून असलेल्या सातबाऱ्यांवर सापडतात का ते पाहा. ओढा, रस्ता, गावठाण असा उल्लेख असेल तर उत्तम, फक्त मधुबन धरणाच्या पाण्याने या भागाचा चेहरामोहरा बराच बदललाय हे लक्षात ठेवा. जमीन जागेवर दिसलीच पाहिजे असं नाही.

राज्य कुठलं याने एवढा काय फरक पडतो, असं कुणी विचारेल. सगळाच पडतो. सिल्वासाची जमीन असती तर वाद मुंबई उच्च न्यायालयाच्या अखत्यारीत आला असता. तुमच्या नगरची जमीन त्याच प्रदेशाने वेढलेली असून तिचा वाद अहमदाबादला गुजरात उच्च न्यायालयात जाईल. सिल्वासाची असती तर पोर्तुगीज अल्वारा, म्हणजे सरकारने लागवडीसाठी दिलेली जमीन, आणि 1971 चा तिथला जमीन सुधारणा नियम हे बघावं लागलं असतं. अल्वाराचे वाद पन्नास वर्षं चालून सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. तुम्हाला त्यातलं काही लागू नाही. तुम्हाला लागू आहे तो मुंबई राज्याचा 1948 चा कुळकायदा.

आणि इथे तुमच्यासाठी थोडी वाईट बातमी आहे. आजोबांनी 1955 मध्ये जमीन घेतली, ते राहायला मुंबईत. मग कसत कोण होतं? कुणी कूळ म्हणून कसत असेल तर 1 एप्रिल 1957 हा कृषकदिन, त्या दिवशी कायद्याने कूळ जमिनीचा मालक मानला गेला. किंमत ठरवणं, प्रमाणपत्र देणं हे पुढे रेंगाळलं असेल, पण हक्काची दिशा तेव्हाच ठरली. असे खरेदीखत हातात असलेले आणि जमीन हातातून गेलेले वारस मला सतत भेटतात. शिवाय कपराडा हा आदिवासीबहुल तालुका. आजचा खातेदार आदिवासी असेल तर गुजरातच्या महसूल कायद्यातलं कलम 73 अअ आड येतं, जिल्हाधिकाऱ्याच्या परवानगीशिवाय बिगर आदिवासीला ती जमीन विकता येत नाही. एजंट ज्या भावाची स्वप्नं दाखवतोय ती या दोन गोष्टींपुढे टिकत नाहीत.

म्हणून खर्च करण्याआधी क्रमाने एवढं करा. दस्ताची पक्की नक्कल काढा. दस्त तेव्हा ज्या कार्यालयात नोंदला गेला तिथली जुनी पुस्तकं आता कुठे ठेवली आहेत याची चौकशी लागेल, ती धरमपूर आणि वलसाडपासून सुरू करा, सिल्वासाला जाऊ नका. मग कपराड्याच्या मामलतदार कचेरीत मौजे नगरचा आजचा सातबारा आणि त्यामागच्या सगळ्या फेरफार नोंदी मागा. गुजरातीत त्याला नुसतं 'नोंध' म्हणतात. जुन्या नोंदी हाताने लिहिलेल्या असतात, वाचायला स्थानिक माणूस घ्या. 1955 ते 1965 या दशकातल्या नोंदी एकेक करून पाहा. कुळाची नोंद असेल तर ती तिथेच असेल. आजोबांचं नाव खरेदीनंतर चढलंच नाही असंही होऊ शकतं. त्या काळी दस्त करून फेरफार न करणारे थोडे नव्हते. सर्व्हे नंबर बदललेला असेल तर जुना-नवा ताळमेळ भूमी अभिलेख कार्यालयातून घ्या.

तुम्ही शेवटी विचारलंय की कूचबिहारच्या छिटमहालांसारखी (भारत-बांगलादेश हद्दीवरचे, दुसऱ्या देशाने वेढलेले तुकडे) इथेही अदलाबदल होऊन मालकी बदलेल का. नाही. तिथे दोन देश होते. 31 जुलै 2015 च्या मध्यरात्री बांगलादेशात अडकलेले भारताचे 111 आणि भारतात अडकलेले बांगलादेशाचे 51 तुकडे भोवतालच्या देशात मिसळले आणि माणसांना नागरिकत्व निवडावं लागलं. इथे दोन्हीकडे भारतच आहे. उद्या चार गावं खरोखर केंद्रशासित प्रदेशात गेली तरी कचेरी, न्यायालय आणि लागू होणारे कायदे बदलतील, सातबाऱ्यावरचं नाव आपोआप बदलणार नाही. ज्याचं नाव आज तिथे आहे त्याचंच राहील. ते नाव कुणाचं आहे, हे तुम्ही अजून पाहिलेलं नाही.

एजंटाला टोकन दिलं असेल तर पावती मागा, आणि त्या पावतीवर गावाचा संकेतांक लिहून घ्या. तो लिहायला कां कूं करू लागला तर पुढचं बोलणं थांबवा.